पावती नसलेल्या माणसाची कैफियत

गेल्या पावसाळ्यात इगतपुरीच्या एका बुद्धविहारात आम्ही काही मंडळी बाबुराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ या कथेवर बोलायला बसलो होतो. बाहेर घाटातून वर आलेले धुके आणि संततधार पाऊस. समोर बसलेल्यांत निम्मे लोक रेल्वेतून निवृत्त झालेले. मी माझे भाषण नेहमीच्या पद्धतीने तयार करून नेले होते. विद्रोह, नकार, आत्मभान, प्रस्थापितांचा ढोंगीपणा असे सगळे मुद्दे टिपणात होते. भाषण संपल्यावर एक म्हातारे खलाशी उठले आणि म्हणाले, “सर, एक इचारू का? त्या पोराला मारलं, खोली सुटली. मग त्यानं कोर्टात दावा का नाही लावला?”

दोन-चार जण हसले. मागून कोणी तरी म्हणाले, “दावा कशावर लावणार बाबा? भाड्याची पावती होती का त्याच्याजवळ?” हसू थांबले. मलाही उत्तर सुचले नाही. विद्रोहावर तासभर बोललेल्या माझ्यासारख्या समीक्षकाला एवढा साधा प्रश्न त्या कथेत कधी दिसला नव्हता, याची मला लाज वाटली. हा लेख त्या प्रश्नाचे उत्तर शोधण्याचा प्रयत्न आहे.

बागुलांचा कथासंग्रह १९६३ साली प्रसिद्ध झाला. नाशिकजवळच्या विहितगावात जन्मलेल्या या लेखकाने मराठी कथेला जो हादरा दिला, त्याबद्दल बरेच लिहिले गेले आहे. रेल्वेच्या नोकरीसाठी उधन्याला गेलेला एक शिकलेला तरुण. परक्या गावी त्याला डोक्यावर छप्पर हवे आहे आणि छपराच्या प्रश्नापाठोपाठ जातीचा प्रश्न येतो. तो जात सांगत नाही. त्याला आसरा मिळतो, सोबत मिळते, आदरही मिळतो. जात उघडी पडते त्या क्षणी हे सारे संपते आणि कालपर्यंत त्याच्या शब्दावर खूश असलेली माणसे त्याच्यावर तुटून पडतात. त्याला सोडवतो तो काशीनाथ, जात न लपवता छाती पुढे काढून वावरणारा दुसरा महार कामगार.

आपल्या समीक्षेने या कथेतला काशीनाथ उचलून धरला आणि ते योग्यच होते. पण या कथेत खोली ही केवळ पार्श्वभूमी आहे असे आपण धरून चाललो. मला आता वाटते की खोली हाच या कथेचा कणा आहे. ‘चोरली’ हा शब्द नीट पाहावा. चोरीची वस्तू जवळ असलेला माणूस फिर्याद करू शकत नाही. आपल्यावर अन्याय झाला हे सांगण्याआधी आपण कोण हे त्याला सांगावे लागते, आणि तेच तर त्याने लपवलेले असते. म्हणजे ज्या खोटेपणामुळे त्याला खोली मिळाली, त्याच खोटेपणाने त्याचे तोंडही बांधून टाकले. व्यवस्थेचा कावा हा असा आहे. ती दलिताला आधी खोटे बोलायला लावते आणि मग तो खोटा आहे म्हणून त्याचे काही ऐकून घेत नाही.

याच्याशेजारी मराठी साहित्यातली दुसरी एक वास्तू ठेवून पाहावी. पु. ल. देशपांडे यांची ‘बटाट्याची चाळ’ १९५८ साली आली. त्या चाळीतले भाडेकरू मालकाला नावे ठेवतात, एकमेकांशी भांडतात, चळवळी करतात. आपण उद्या या खोलीत असू की नसू, ही धास्ती त्यांच्या विनोदाच्या आड येत नाही. त्यांच्या हसण्याखाली भाडेकरूपणाची पक्की जमीन आहे. मी हा विनोद खोटा म्हणत नाही. पण पाच वर्षांच्या अंतराने आलेल्या या दोन पुस्तकांपैकी एकात माणसे खोली गृहीत धरून जगतात आणि दुसऱ्यात खोलीसाठी स्वतःला नाकारतात, हा फरक प्रतिभेचा नाही. तो भाड्याच्या पावतीवरच्या आडनावाचा आहे.

हा अनुभव बागुलांच्या नायकापुरता नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१७ साली कोलंबिया विद्यापीठाचे शिक्षण घेऊन बडोद्याला नोकरीवर रुजू झाले, तेव्हा त्यांना राहायला जागा मिळेना. पारशी नाव धारण करून ते एका पारशी सराईत राहिले. अकराव्या दिवशी डझनभर माणसे काठ्या घेऊन आली आणि त्यांनी संध्याकाळपर्यंत जागा सोडण्याचे फर्मान काढले. बाबासाहेबांनी दोन परिचितांकडे आसरा मागून पाहिला. दोघांनीही आपापली अडचण सांगितली. शेवटी सार्वजनिक बागेत वेळ काढून त्यांनी रात्रीची मुंबईची गाडी धरली. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या १९९० साली पीपल्स एज्युकेशन सोसायटीने प्रसिद्ध केलेल्या पुस्तिकेत त्यांनी हे सारे लिहून ठेवले आहे.

या हकिगतीत मला दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. पहिली, काठ्या घेऊन आलेल्यांनी आधी प्रश्न विचारले, पण उत्तर ऐकण्यासाठी नव्हे. निकाल घेऊनच ते आले होते. दुसरी, पुढे १९२२ साली बॅरिस्टर झालेला हा माणूस त्या दिवशी कोणाकडेही दाद मागू शकत नव्हता, कारण सराईच्या वहीत त्याचे खरे नावच नव्हते. १९१७ चे बडोदे आणि बागुलांचे उधने यांच्यामध्ये चार दशकांहून अधिक काळ आहे. तरीही वहीतले नाव खोटे आणि पाठीवरची काठी खरी, हे दोन्हीकडे सारखेच आहे.

येथे मला माझ्या घरातली एक गोष्ट सांगितली पाहिजे. ती सांगितल्याशिवाय पुढचे म्हणणे प्रामाणिक होणार नाही. माझे वडील रेल्वेत खलाशी होते. आम्ही गावात एका खोलीत भाड्याने राहत होतो. मे १९७४ च्या रेल्वे संपात ते उतरले. पगार बंद झाला आणि चार महिन्यांचे भाडे थकले. घरमालकाने नोटीस दिली, मग दावा लावला. एके दिवशी बेलीफ समन्स घेऊन आला. वडिलांनी अंगठा उठवला, कागद घडी करून बाबासाहेबांच्या तसबिरीमागे ठेवला आणि तारखेला ते कामावर गेले. आई म्हणाली, “जाऊन तर या, काय म्हणतात ते बघा.” ते म्हणाले, “कोर्टात गुन्हेगार जातो. मी काय चोरी केली?” त्यांच्या दृष्टीने प्रतिवादी म्हणजे आरोपी. एकतर्फी हुकूमनामा झाला. ताबा घ्यायला माणसे आली, तेव्हा पाऊस होता आणि आमची भांडी रस्त्यावर होती.

पुढे मी कायद्याची पुस्तके चाळली तेव्हा कळले, की १९४७ च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्यात अशा भाडेकरूसाठी दार उघडे होते. थकबाकी सहा महिन्यांहून कमी असेल, तर सुनावणीच्या पहिल्या दिवशी किंवा कोर्टाने ठरवून दिलेल्या तारखेपर्यंत थकलेले भाडे व खर्च कोर्टात भरावा, पुढचे भाडे नियमित भरत राहावे, की थकबाकीच्या कारणावर हुकूमनामा होऊ नये, अशी ती तरतूद होती. तोपर्यंत पगार सुरू झाला होता. उसनवारी करून चार महिन्यांचे भाडे भरता आले असते. आमची खोली घरमालकाने घेतली हे खरे आहे, पण ती आम्ही न बोलल्यामुळे गेली हेही तितकेच खरे आहे. वडिलांचे मौन हा स्वाभिमान होता असे मी अनेक वर्षे समजत आलो. आज मला वाटते, त्यात स्वाभिमान होता आणि त्याच्या पोटात पिढ्यान्‌पिढ्यांची शिकवणही होती, की चावडीवर आपल्याला बोलावतात ते ऐकून घेण्यासाठी, बोलण्यासाठी नाही.

आता कायद्याकडे एक लेखन म्हणून पाहू. समीक्षकाने कायदा वाचू नये असा काही दंडक नाही. महाराष्ट्र भाडेनियंत्रण अधिनियम १९९९ साली झाला आणि ३१ मार्च २००० पासून त्याने जुन्या कायद्याची जागा घेतली. त्यात भाडेकरूच्या बाजूचे बरेच काही आहे. भाड्याची पावती देणे मालकावर बंधनकारक आहे. करार लेखी करून नोंदवण्याची जबाबदारी मालकाची आहे. त्याने ती टाळली, तर विरुद्ध पुरावा येईपर्यंत भाडेकरू सांगेल त्या अटी ग्राह्य धरल्या जातात. थकबाकीसाठी दावा लावण्याआधी नोटिशीनंतर ९० दिवस थांबावे लागते. दावा लागल्यावरही समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत थकबाकी १५ टक्के सरळ व्याजासह कोर्टात भरून, पुढचे भाडे भरत राहून आणि कोर्ट सांगेल तो खर्च देऊन भाडेकरू जागा वाचवू शकतो. मालकाला स्वतःसाठी जागा हवी असेल, तर जास्त हाल कोणाचे होतील हे कोर्टाने तोलून पाहायचे असते.

पण याच कायद्यात दुसरा एक माणूस आहे. त्याला भाडेकरू म्हणत नाहीत, परवानाधारक म्हणतात. अकरा महिन्यांचा ‘लिव्ह अँड लायसन्स’ करार करून राहणारा तो हाच. आज शहरात नव्याने खोली घेणारा बहुतेक माणूस याच नावाने आत येतो. खोली तीच, महिन्याचे पैसे तेच, पण नाव बदलले की हक्क बदलतात. नावाने माणसाची किंमत ठरते हे आम्हाला कोणी वेगळे शिकवायला नको. या परवानाधारकाची मुदत संपली आणि तो निघाला नाही, तर मालक सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करतो. लेखी करारात जे लिहिले असेल, तो त्या गोष्टीचा निर्णायक पुरावा ठरतो. जागा सोडेपर्यंत दुप्पट दराने नुकसानभरपाई द्यावी लागते. आणि बाजू मांडायची असेल, तर समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत शपथपत्र करून आधी बचाव करण्याची परवानगी मागावी लागते. परवानगी मागितली नाही किंवा मिळाली नाही, तर मालकाने अर्जात लिहिले ते सारे कबूल केले असे धरले जाते.

बोलण्यासाठी परवानगी! बाबासाहेबांच्या पुस्तिकेच्या नावातला ‘व्हिसा’ मला येथे आठवतो. लवकर निकाल लागावा हा या तरतुदीमागचा हेतू असेल. कोर्टात पंधरा-पंधरा वर्षे चालणारे दावे मीही पाहिले आहेत, आणि म्हातारपणी स्वतःच्याच घराला मुकलेला लहान मालकही पाहिला आहे. परंतु घाईचा भार नेहमी कोणावर पडतो? शपथपत्र म्हणजे काय हे ज्याला ३१ व्या दिवशी कळते, त्याच्यावर.

आणखी एक गोष्ट. हा कायदा सगळ्या गावांना लागू नाही. परिशिष्टात ज्या क्षेत्रांची नावे आहेत तेथेच तो चालतो. बाहेर १८८२ चा मालमत्ता हस्तांतरण कायदा आहे. त्याच्याखाली दरमहाच्या भाडेकरूला, वेगळा करार नसेल तर, पंधरा दिवसांची नोटीस पुरते. म्हणजे कायद्यालाही गावकूस आहे. रेल्वेच्या चाळीत राहणाऱ्याची तऱ्हा तर आणखी वेगळी. त्याच्यासाठी १९७१ चा सार्वजनिक जागांचा कायदा आहे. नोटीस काढणारा, म्हणणे ऐकणारा आणि हुकूम देणारा संपदा अधिकारी सरकारचाच असतो. जिल्हा न्यायाधीशाकडे अपील करायला हुकूम प्रसिद्ध झाल्यापासून बारा दिवस मिळतात.

मग खलाशीबाबांच्या प्रश्नाचे उत्तर काय? पावती नव्हती म्हणून दावा लावता आला नसता, असे आम्ही त्या दिवशी समजलो. ते चूक होते. ज्याला कायद्याचा मार्ग सोडून जागेतून हुसकावले, तो मालकी सिद्ध न करताही सहा महिन्यांच्या आत ताबा परत मागू शकतो. १८७७ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात ही तरतूद होती आणि १९६३ च्या कायद्यात ती कायम आहे. अस्पृश्यतेच्या कारणावरून कोणाला वस्तीत राहू न देणे हा १९५५ च्या कायद्याने गुन्हा आहे. अनुसूचित जातीच्या माणसाला त्याच्या जागेवरून बेकायदा हुसकावणे हा १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे. म्हणजे कागदावर दार होते आणि आहे. पण त्या दाराशी पुरावा लागतो, साक्षीदार लागतात. बागुलांच्या नायकाचा ताबा कोण शाबीत करणार होते? त्याचे सोबती, त्याचे शेजारी. आणि त्याला मारणारेही तेच होते. साक्षीदारच हल्लेखोर होतात, हे या कथेचे खरे भयंकर सत्य आहे. कायदा एकट्या माणसाला हक्क देतो, पण पुरावा समाजाकडे मागतो. आणि समाज जातीचा आहे.

त्यातही कायदा नेहमी आपल्याच बाजूला असतो असे नाही. अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली, सभासदत्व आपल्या समाजापुरते ठेवणारी पोटनियमातली अट वैध ठरवली. अल्पसंख्य समाजाला एकत्र राहण्याची इच्छा असू शकते आणि ती मी समजू शकतो. पण बडोद्याच्या त्या अकराव्या दिवसाची आठवण ज्याला आहे, त्याला तो निकाल वाचताना स्वस्थ बसवत नाही.

येथे आमचे तरुण मित्र म्हणतील, की हे सारे वकिलीचे आहे. कायदा मालकांचा, कोर्ट मालकांचे. दलित लेखकाने कैफियत लिहायची की आग लावायची? या प्रश्नाचे उत्तर मी महाडमध्ये शोधतो. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी घेतले. २५ डिसेंबर १९२७ रोजी मनुस्मृती जळाली. या दोन तारखांवर आपण किती कविता लिहिल्या, किती विशेषांक काढले! पण त्याच डिसेंबरात सनातन्यांनी बाबासाहेबांविरुद्ध दिवाणी दावा लावला आणि तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. सत्याग्रहाला जमलेल्या हजारो माणसांना बाबासाहेबांनी थांबवले आणि ते प्रतिवादी म्हणून उभे राहिले. १९३१ साली खालच्या कोर्टाचा निकाल बाजूने लागला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सनातन्यांचे अपील फेटाळले. सव्वानऊ वर्षे! अस्पृश्यांना वगळण्याची रूढी अनादि आहे, असे वादी म्हणत होते. ते त्यांना सिद्ध करता आले नाही. बाबासाहेबांनी प्रत्यक्ष रूढीलाच पावती मागितली आणि रूढीपाशी ती नव्हती.

यापेक्षा मोठा विद्रोह कोणता? परंतु १७ मार्च १९३७ या तारखेवर एक तरी कविता आपण लिहिली आहे काय? ओंजळ आणि ज्वाला आपल्या साहित्यात आल्या. कैफियत आली नाही. काशीनाथचा चाकू आला, पण तारखेला मजुरी बुडवून कोर्टाच्या व्हरांड्यात उभा असलेला माणूस आला नाही. त्याच्या हातातल्या घामेजल्या कागदात नाट्य नाही, असे आपण ठरवून टाकले. विद्रोहाची ही अर्धी व्याख्या समीक्षेने केली आणि लेखकांनी ती मान्य केली. माझ्या वडिलांच्या मौनाचे मी इतकी वर्षे कौतुक केले, तेही याच व्याख्येच्या नादाने.

‘ओल्गा टेलिस’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १० जुलै १९८५ रोजी मुंबईच्या पदपथावर राहणाऱ्यांबाबत निकाल दिला. उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात येतो असे न्यायालय म्हणाले, आणि तरीही वस्त्या हटवण्याचा महापालिकेचा अधिकार मान्य केला. फक्त ३१ ऑक्टोबरपर्यंत थांबायला सांगितले. गरिबांच्या हातात त्या पावसाळ्यापुरता वेळ पडला. पण त्या निकालात एक विचार आहे तो आपण सोडू नये. म्हणणे ऐकून घेण्याने निकाल बदलेल न बदलेल; ज्याच्यावर घाव पडणार त्याला माणूस म्हणून विचारले जाणे याला स्वतःचे मोल आहे, हा तो विचार. माणूसपण हा शब्द आपण फार वापरला. त्याचा दिवाणी अर्थ हा आहे.

म्हणून माझे म्हणणे असे. दलित साहित्याने आजवर मुख्यतः फिर्यादीचे लेखन केले आणि त्या फिर्यादीने मराठी साहित्याचे तोंड फिरवले. आता प्रतिवादीचेही लेखन झाले पाहिजे. मालक काय म्हणतो हे कलमवार वाचणारे, प्रत्येक कलमाला ‘हे म्हणणे खरे नाही, कबूल नाही’ असे उत्तर देणारे आणि खरे असेल ते कबूल करण्याचेही धैर्य असणारे लेखन. शंकरराव खरातांसारखे वकिली केलेले लेखक आपल्या परंपरेत होऊन गेले, तेव्हा ही वाट अगदीच अनोळखी नाही. अशा लेखनाने खोली वाचेल असा माझा दावा नाही. खोली वाचवायला वकील लागतो, आणि अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला उत्पन्नाची अट न लावता तो मोफत मिळावा अशी तरतूद १९८७ च्या विधी सेवा कायद्यात आहे. ही एक ओळ आपल्या किती विहारांच्या फळ्यावर लिहिलेली आहे?

त्या दिवशी सभा संपल्यावर खलाशीबाबा छत्री उघडत माझ्याजवळ आले. म्हणाले, “माझ्या सुनेच्या भावाचा अकरा महिन्यांचा कागद संपलाय सर, आन्‌ मालकाची नोटीस आलीय. चिठ्ठी वाचून बघता का?” दुसऱ्या दिवशी मी ती वाचली. समन्स अजून यायचे होते. ते आले की ३० दिवस मोजायला लागतील. पोराला जवळ बसवून मी ते दिवस कॅलेंडरवर कसे मोजायचे हे दाखवले, आणि कागद तसबिरीमागे ठेवू नकोस म्हणून सांगितले.